वाडा पचवलेले गाव

पडक्या राजवाड्यांवर लिहा, असे संपादकांनी सांगितले की लिहिणाऱ्याच्या डोळ्यांपुढे सातारा, कोल्हापूर, सावंतवाडी ही नावे येतात. विदर्भापुरते बोलायचे तर नागपूरचा महाल. भोसल्यांचा तो लाकडी कोरीवकामाने नटलेला वाडा १८६४ मध्ये जळाला आणि नगारखान्यावर समाधान मानायची वेळ आली. या यादीत वर्धा जिल्हा कोणी घालत नाही.

त्याला कारण आहे. वर्धा शहर राजाने वसवलेलेच नाही. १८६२ मध्ये नागपुरातून हा जिल्हा वेगळा काढला गेला. मुख्यालय आधी पुलगावजवळच्या कवठ्याला होते. १८६६ मध्ये ते पालकवाडी नावाच्या खेड्याच्या जागी आले आणि तिथे सरळ आखलेल्या रस्त्यांचे शहर उभे राहिले. पुढे जमनालाल बजाजांमुळे गांधीजी आले, विनोबा आले. जिल्ह्याची ओळख कुटी, चरखा आणि आश्रम यांची झाली. इथे मोठेपणा मोजायचा तो किती कमीत राहिले यावरून. राजवाड्याला या हिशेबात जागाच नव्हती.

ताम्रपट मात्र वेगळे सांगतात. हिंगणघाट तालुक्यातल्या जांब गावी वाकाटक राजा दुसरा प्रवरसेन याचा, त्याच्या राज्याच्या दुसऱ्या वर्षीचा ताम्रपट मिळाला. देवळीला राष्ट्रकूट राजा तिसरा कृष्ण याचा शके ८६२ चा ताम्रपट मिळाला. कापूस आणि सोयाबीन पिकवणाऱ्या या जमिनीत राजांची कागदपत्रे निघतात. त्यांचे वाडे निघत नाहीत. ते गेले कुठे, याचा शोध घ्यायचा तर वर्ध्याहून नागपूरकडे निघावे आणि आठ-नऊ किलोमीटरवर धाम नदीच्या काठी उतरावे. गावाचे नाव पवनार.

उंचवट्यावरचे घर

पवनारला येणारा बहुतेक माणूस विनोबांच्या आश्रमात येतो. नदीच्या पात्रात खडक आहेत, गांधीजींच्या अस्थिविसर्जनाचे स्मारक आहे, काठावर परंधाम आश्रम आहे. गणपती-देवीच्या विसर्जनाला वर्धेकरांची गर्दी इथेच होते. वर्धा शहराच्या नळाला येणारे पाणीही याच नदीतून उचलले जाते. पाहुणे आश्रम पाहतात, नदीकाठी बसतात, फोटो काढतात आणि परत फिरतात. गावात फारसे कोणी शिरत नाही.

गावात शिरले की लक्षात येते ती चढण. विदर्भाच्या सपाट मुलखात गल्ली अशी अचानक चढू लागली तर ती टेकडी बहुधा निसर्गाने केलेली नसते. माणसांनी शेकडो वर्षे एकाच जागी घरे बांधली, ती पडली, त्याच मातीवर पुन्हा बांधली, म्हणजे जमीन उंच होत जाते. दिवाळीच्या आधी, पाऊस नुकताच उघडलेला असताना, अशा उंचवट्याच्या तुटलेल्या कडा धुऊन स्वच्छ होतात आणि त्यांत खापऱ्या दिसू लागतात. तांबड्या, काळ्या, काही पातळ, काही बोटभर जाड. कुठे विटेचा तुकडा, कुठे राखेची करडी रेघ. गल्लीतल्या पोरांना याचे काही अप्रूप नाही. लगोरीला उत्तम खापऱ्या कुठे मिळतात, ते त्यांना पाठ असते.

या उंचवट्यावर राजधानी होती, असे महामहोपाध्याय वासुदेव विष्णु मिराशी यांचे म्हणणे होते. वाकाटकांचे प्रवरपूर ते हेच पवनार, असा त्यांचा सिद्धांत. त्यांचा ‘वाकाटक नृपति आणि त्यांचा काल’ हा मराठी ग्रंथ १९५७ मध्ये आला. वाकाटकांचे सारे कोरीव लेख एकत्र करणारा त्यांचा मोठा इंग्रजी खंड १९६३ मध्ये आला. तेव्हापासून पवनारचे नाव इतिहासाच्या पुस्तकांत राजधानी म्हणून छापले जाते. गावात मात्र राजवाडा म्हणून बोट दाखवावे, असे काही नाही.

वाड्याला काय काय लागायचे

वाकाटकांचे राज्य तिसऱ्या शतकापासून पाचव्या शतकाच्या अखेरीपर्यंत विदर्भावर होते. त्यांच्या एका शाखेने वत्सगुल्मातून, म्हणजे आजच्या वाशीममधून, राज्य केले. अजिंठ्याच्या काही उत्तम लेण्यांना या शाखेचा आश्रय होता. दुसरी शाखा पूर्वेकडची. तिची राजधानी आधी नंदिवर्धन, म्हणजे रामटेकजवळचे नगरधन, आणि नंतर प्रवरपूर.

या पूर्वेकडच्या घरात गुप्त सम्राट दुसरा चंद्रगुप्त याची मुलगी प्रभावतीगुप्ता सून म्हणून आली. नवरा रुद्रसेन लवकर वारला. मुले लहान होती. तिने त्यांच्या वतीने कारभार हाती घेतला आणि दानपत्रे स्वतःच्या नावाने काढली. त्यांत सासरच्या आधी माहेरची वंशावळ सांगितली. पुढे गादीवर आलेला तिचा मुलगा म्हणजे दुसरा प्रवरसेन. रामाच्या सेतूवर माहाराष्ट्री प्राकृतात रचलेले ‘सेतुबंध’ हे महाकाव्य परंपरेने त्याच्याच नावावर आहे. त्याचे सुरुवातीचे ताम्रपट नंदिवर्धनातून निघाले आहेत. राज्याच्या अठराव्या वर्षीचा चम्मकचा ताम्रपट, म्हणजे अचलपूरजवळच्या चमक गावी सापडलेला, प्रवरपुरातून निघाला आहे. मधल्या काही वर्षांत दरबाराने मुक्काम हलवला होता.

राजवाडा कसा दिसत असेल, याचे वर्णन या पत्र्यांवर नाही. पण तो कशावर चालत होता, ते मात्र आहे. चौकोनी डोक्याच्या, पेटिकाशीर्षक म्हणतात त्या अक्षरांत कोरलेल्या या दानपत्रांत गाव इनाम देताना त्याला कशाकशातून सूट, याची ठरीव यादी येते. या गावात राजाचे शिपाई आणि छत्रधारी शिरणार नाहीत. दौऱ्यावरच्या अधिकाऱ्यांना पाळीपाळीने गाई-बैल पुरवावे लागणार नाहीत. फुले आणि दूध द्यावे लागणार नाही. जनावरांना चारा, बसायला कातडी, जाळायला कोळसा द्यावा लागणार नाही. मीठ आणि मद्याचे आंबवण यांच्या खरेदीतून आणि खाणकामातून मोकळीक. सर्व प्रकारची वेठ माफ.

यादी उलटी वाचली की वाडा डोळ्यांपुढे उभा राहतो. ज्या गावांना सूट मिळाली नव्हती, ती गावे हे सगळे देत होती. धामच्या काठचा दरबार आजूबाजूच्या शिवारातल्या दुधावर, फुलांवर, गवतावर, कोळशावर आणि फुकट राबणाऱ्या हातांवर चालत होता. वीट भाजायला लाकूड लागे, लाकडाला जंगल, वाहायला बैल. यांतले सारे गावांतून वर चढे आणि वाड्यात जमा होई.

पुढच्या पंधराशे वर्षांत हा ओघ उलटा फिरला. वाड्याने गावे खाल्ली होती. मग गावांनी वाडा खाल्ला.

परीस, पारधी आणि सरकार

पवनारची स्वतःची आठवण वाकाटकांपर्यंत जात नाही. ती पवनराजापाशी थांबते. ही दंतकथा इंग्रजी अमदानीतल्या गॅझेटियरांनीही नोंदवली आहे. पवनराजाकडे परीस होता. म्हणून तो रयतेकडून सारा पैशांत घेत नसे. शेतकऱ्याने नांगराचा झिजलेला लोखंडी फाळ आणून द्यावा, राजाने त्याला परीस लावावा आणि सोने करावे. पुढे शत्रू आला, तेव्हा राजाने परिसासकट धामच्या डोहात उडी घेतली.

इतिहासकाराला यात तारीख सापडणार नाही. पण सारा वसुलीची ही गोष्ट ज्यांनी रचली, त्यांना वसुलीचा अनुभव चांगलाच असला पाहिजे. ज्या राजाला निकामी फाळ चालतो, तो राजा शेतकऱ्याने स्वप्नात पाहिलेला राजा आहे. ताम्रपटातल्या यादीशेजारी ही कथा ठेवली की दोन्ही कागद एकाच व्यवहाराच्या दोन बाजूंनी लिहिलेले वाटतात.

आणि परीस डोहात गेला, या एका वाक्याने पुढच्या पिढ्यांच्या हाती कुदळ दिली. जिथे गुप्तधनाची गोष्ट आहे, तिथे रात्रीचे खड्डे असतात. महाराष्ट्रातल्या गढ्यांच्या बुरुजांत, पडक्या देवळांच्या गाभाऱ्यांत आणि विहिरींच्या कडेला असे खड्डे दिसतात. गुप्तधन शोधणारा हा वाड्याचा पहिला पारधी. त्याला धन क्वचितच मिळते, पण खड्ड्यात थरांची उलथापालथ होते ती कायमची.

मध्ययुगातही पवनार लहान गाव नव्हते. अकबराच्या काळात वऱ्हाड सुभ्यातल्या एका सरकाराचे, म्हणजे आजच्या भाषेत जिल्ह्याचे, हे ठाणे होते. ‘ऐन-ए-अकबरी’ने इथल्या किल्ल्याची दखल घेतली आहे: उंचवट्यावरचा मजबूत किल्ला, तीन बाजूंनी पाण्याने वेढलेला. त्या किल्लेदारांनी तट कशावर उभारला असेल? आधीच्या वस्तीच्या उंचवट्यावर. दगड कुठून आणला असेल? जो जवळ पडला होता तो आधी उचलला असेल. जुन्या राजाचे घर नव्या राजासाठी खाणीचे काम करते, हे जगभरचे चित्र आहे. रोमच्या कोलोसियमचे दगड शेकडो वर्षे शहरातल्या इमारतींना पुरले. एकोणिसाव्या शतकात लाहोर–मुलतान रेल्वेच्या कंत्राटदारांनी हडप्प्याच्या विटा रुळांखाली खडी म्हणून घातल्या.

वर्धा जिल्ह्यातच त्याच्या उलट उदाहरण आहे. आष्टी इथे महंमद खान नियाझी या मोगल काळातल्या अफगाण सरदाराची कबर अजून उभी आहे. राजवाडा आणि कबर यांत फरक आहे तो मालकीचा. कबरीला नमस्कार करणारे, दिवा लावणारे कोणीतरी असते. वाड्यातला माणूस निघून गेला की वाडा कोणाचाच राहत नाही.

फावड्याला लागलेला भरत

१९३८ मध्ये विनोबा प्रकृती खालावलेल्या अवस्थेत पवनारला आले. धामच्या काठी जमनालाल बजाजांचा लाल बंगला होता. तिथे त्यांनी मनावरचे सारे विचार बाजूला सारायचे ठरवले आणि व्यायाम म्हणून जमीन खणायला घेतली. आधी थोडी मिनिटे, मग हळूहळू तास. प्रकृती सुधारली आणि जमिनीतून मूर्ती निघू लागल्या.

त्यांतली एक शिळा आश्रमात ‘भरत-राम’ म्हणून आजही आहे. विनोबांना तिचे मोल वाटले त्याला एक वैयक्तिक कारण होते. १९३२ मध्ये धुळ्याच्या तुरुंगात त्यांनी गीतेवर जी प्रवचने दिली आणि साने गुरुजींनी जी लिहून घेतली, त्यांतल्या बाराव्या अध्यायाच्या प्रवचनात भरत आणि रामाच्या भेटीचे चित्र कोणी काढावे, अशी इच्छा त्यांनी बोलून दाखवली होती. काही वर्षांनी तीच भेट पवनारच्या मातीतून दगडात कोरलेली वर आली. त्यांनी ती ईश्वरी प्रसाद मानली आणि तिची स्थापना केली.

मिराशींनी याच शिळांकडे दुसऱ्या डोळ्यांनी पाहिले. शैली पाचव्या शतकातली, वाकाटककालीन. आश्रमातल्या इतर शिळांवरचे प्रसंगही त्यांना रामायणातले वाटले. म्हणजे इथे रामाचे देऊळ होते. प्रभावतीगुप्ता रामगिरीच्या, म्हणजे रामटेकच्या, देवाची भक्त होती, हे तिच्या ताम्रपटावरून ठाऊक होतेच. मुलाने नवी राजधानी वसवली आणि आईसाठी तिथे रामाचे मंदिर बांधले असणार, अशी त्यांची मांडणी. प्रवरपूरचे पवनार होणे भाषेच्या नियमांत बसते, याचाही त्यांनी आधार घेतला. या शिळांवरचे काही प्रसंग वेगळ्या तऱ्हेने ओळखणारे अभ्यासकही पुढे निघाले. पण शिळा पाचव्या शतकातल्या आहेत, यावर वाद नाही.

गंमत अशी, की राजधानीचा सर्वांत भक्कम पुरावा पुरातत्त्व खात्याला मिळाला नाही. सत्ता, संपत्ती, राजवैभव यांपासून जितके दूर जाता येईल तितके गेलेल्या एका माणसाच्या फावड्याला तो लागला. आणि तो टिकला, कारण खणणाऱ्याने दगड बांधकामाला वापरला नाही, विकलाही नाही.

१९६७ चे चर

शास्त्रीय उत्खनन झाले ते १९६७ मध्ये. नागपूर विद्यापीठाचे शां. भा. देव आणि म. के. ढवळीकर यांनी पवनारला खोदले आणि दुसऱ्याच वर्षी अहवाल प्रसिद्ध केला. आपल्याकडे उत्खननांचे अहवाल निघायला दशके लागतात, हे लक्षात घेता ही तत्परता नोंदवण्यासारखी आहे.

उत्खनन म्हणजे खड्डा खणणे नव्हे. जमिनीवर दोऱ्यांनी चौकोन आखतात. दोन चौकोनांमध्ये मातीची भिंत न खणता ठेवतात, कारण थर वाचायचे असतात ते त्या भिंतीच्या कापावर. वरची माती खुरपीने, चाकूने, ब्रशने इंच-इंच उतरवतात. प्रत्येक थराला क्रमांक, त्यातल्या खापऱ्या वेगळ्या पिशवीत, पिशवीला चिठ्ठी. खापऱ्या धुऊन सावलीत वाळवायच्या, मग कोणत्या थरात कोणती भांडी, याचा मेळ घालायचा. नाणे सापडले तरी ते कुठल्या थरात आणि कशाशेजारी सापडले, याला नाण्याइतकेच मोल. थरावेगळे झालेले नाणे सराफाच्या कामाचे. इतिहासाच्या कामाचे निम्मेच.

पवनारच्या चरांतून वाकाटकांच्या आधीपासून मध्ययुगाच्या पुढेपर्यंत चालत आलेल्या वस्तीचे थर मिळाले. हे गाव फार जुने, मोठे आणि सलग नांदते होते, हे सिद्ध झाले. पण ज्याला निःशंकपणे राजवाडा म्हणावे, असे बांधकाम हाती आले नाही.

त्याचा एक अर्थ असा, की तो तिथे नव्हता. दुसरा अर्थ असा, की चर घातले तिथे नव्हता. नांदत्या गावाखाली खोदायचे म्हणजे मोकळी जागा मिळेल तिथेच खोदायचे. ओसरी, गोठा, देऊळ, मशीद, शाळा यांच्याखाली काय आहे, ते विचारण्याची सोय नाही. आणि राजाचे घर उंचवट्याच्या सर्वांत चांगल्या जागी असते. नंतरची घरेही नेमकी तिथेच असतात.

मनसरचा दावा

विसाव्या शतकाच्या अखेरीस पवनारला तगडा प्रतिस्पर्धी मिळाला. रामटेकपासून जवळच असलेल्या मनसरला हिडिंबा टेकडी नावाचा मोठा उंचवटा आहे. १९७२ च्या सुमारास तिथे सापडलेली शिवाची देखणी मूर्ती दिल्लीच्या राष्ट्रीय संग्रहालयात गेली. १९९० च्या दशकाच्या अखेरीपासून जगतपती जोशी आणि अ. कु. शर्मा यांनी तिथे मोठे उत्खनन केले. टेकडीवर विटांचे भव्य मंदिर निघाले आणि खालच्या सपाटीवर राजवाड्यासारखी वास्तू. उत्खननात ‘प्रवरेश्वर’ हे नाव असलेला मातीचा ठसाही मिळाला. प्रवरसेनाने स्थापलेला देव तो प्रवरेश्वर. मग प्रवरपूर मनसरच, असे अनेक अभ्यासक म्हणू लागले.

पवनारच्या बाजूने बोलणारे विचारतात, की नंदिवर्धनपासून हाकेच्या अंतरावर राजधानी हलवून राजाने काय साधले? मनसरच्या बाजूचे विचारतात, की पवनारला वाडा दाखवा. वाद मिटलेला नाही.

या वादात एक गोष्ट निसटते. मनसरची टेकडी रानात होती, तिच्यावर गाव नव्हते. म्हणून तिच्यातले बांधकाम टिकले, म्हणून ती खोदता आली. पवनार दीड हजार वर्षे वापरात राहिले, म्हणून त्याच्याकडे दाखवायला काही उरले नाही. दोघांच्या पुराव्याची तुलना करताना एकाला ओसाडीचा फायदा मिळाला आहे आणि दुसऱ्याला जिवंत राहण्याची किंमत मोजावी लागली आहे.

पांढरीचा हिशेब

वाडा नाहीसा कसा होतो, याची रीत वर्धा जिल्ह्यातल्या कुठल्याही पडक्या गढीवर पाहता येते. आधी लाकूड जाते. खांब, तुळया, चौकटी या सर्वांत मोलाच्या वस्तू. मालक असतानाच त्या विकल्या जातात किंवा तो गेल्यावर उचलल्या जातात. लाकूड गेले की छप्पर बसते. छप्पर बसले की पावसाळा भिंतीच्या माथ्यातून आत शिरतो. चार-सहा पावसाळ्यांत मातीचा गाभा फुगतो आणि बाहेरच्या विटा सुटतात. सुटलेली वीट घरी नेणे ही चोरी आहे, असे कोणालाच वाटत नाही. घडीव दगड नदीवर धुण्याला जातो, उंबऱ्याला जातो. मूर्ती असेल तर झाडाखाली शेंदूर लावून बसते, आणि खरे तर तिचे नशीब सर्वांत बरे.

उरते ती माती. गावाच्या वस्तीची जमीन पांढरी आणि शेतीची काळी, ही विभागणी मराठी मुलखात जुनी आहे. पांढरीच्या मातीत शतकानुशतकांची राख, शेण, हाडे, कुजलेले गवत मुरलेले असते. ती वावरात टाकली की पीक जोमाने येते, हे शेतकऱ्याला रसायनशास्त्र न शिकता कळते. धाब्याच्या घरावर पसरायला, भिंती सारवायला तीच चांगली. म्हणून उन्हाळ्यात गढीला बैलगाड्या लागत. आता ट्रॅक्टरची ट्रॉली लागते. बैलगाडीने शंभर वर्षांत जेवढी माती नेली, तेवढी जेसीबी एका दुपारी उचलतो.

यात खलनायक शोधू गेले तर सापडत नाही. ज्याला गोठ्याची भिंत बांधायची आहे, त्याला विटा हव्यात. ज्याच्या घरकुलाचा हप्ता मंजूर झाला आहे, त्याला पाया खणायचा आहे. शौचालयाचा खड्डा उत्तम काम आहे. तो काही फूट खोल असतो आणि जुन्या वस्तीच्या उंचवट्यावर तेवढ्या खोलीत काही शतके सहज मावतात. पवनारसारख्या गावात वाड्याच्या उरल्यासुरल्या पायाला धोका आहे तो चांगल्या सरकारी योजनांचा.

स्मारकांचा कायदा इथे अडखळतो. १९५८ च्या केंद्रीय कायद्यात २०१० मध्ये दुरुस्ती झाली. तेव्हापासून केंद्राच्या संरक्षित स्मारकाभोवती शंभर मीटर बांधकामाला बंदी आणि त्यापुढे दोनशे मीटर परवानगीची अट आहे. रानातल्या देवळाला हे ठीक. पण नांदते गावच जिथे स्मारकाच्या डोक्यावर बसले आहे, तिथे शंभर मीटरची रेघ मारली तर लोकांना घराची पडवी दुरुस्त करायलाही परवानगी मागावी लागते. मग ग्रामस्थ संरक्षणाच्या नावालाच घाबरतात. कुठे जुनी भिंत लागली तर ती कोणाला कळायच्या आत बुजवणे शहाणपणाचे ठरते.

कुटी टिकते, मग

पवनारपासून सेवाग्राम काही किलोमीटरवर आहे. तिथे १९३६ मध्ये गांधीजी राहायला आले तेव्हा त्यांची अट होती, की घर गावातल्याच साधनांनी बांधावे आणि खर्च पाचशे रुपयांपुढे जाऊ नये. माती, बांबू, लाकूड आणि कवेलू. असे घर नुसते सोडून दिले तर काही पावसाळ्यांत बसते. बापूकुटी उभी आहे, कारण दरवर्षी कोणीतरी कवेलू फेरते, भिंती लिंपते, वाळवी पाहते. राजाच्या भाजलेल्या विटांना जे जमले नाही, ते मातीच्या भिंतीला जमले. ते जमले देखभालीमुळे, आणि देखभाल करणाऱ्यांना ती जागा आपली वाटते म्हणून.

वाकाटकांचा वाडा कोणाला आपला वाटावा, अशी अपेक्षा करणे अवघड आहे. त्याने गावाकडून दूध, फुले आणि वेठ घेतली, परत काय दिले ते ताम्रपटात नाही. पण वाडा पुन्हा उभा करायचा नाही. त्याच्याखालचे थर वाचायचे आहेत. त्यासाठी सोन्याचांदीची गरज पडत नाही. राज्य पुरातत्त्व विभाग आणि पुण्याचे डेक्कन कॉलेज यांनी २०१५ ते २०१८ या काळात नगरधनला खोदले, तेव्हा मातीचा एक छोटा ठसा मिळाला. त्यावर शंखाची खूण होती आणि ब्राह्मी अक्षरांत नाव होते प्रभावतीगुप्तेचे. बाजारात त्या ढेकळाला कोणी रुपया दिला नसता. पण ताम्रपटांवर जिचे नाव वाचले जात होते, तिची मोहोर जिथे उमटली ती जागा त्याने दाखवली.

पवनारला असा ठसा असेल तर तो कुठल्या तरी पायाच्या खड्ड्यात असेल. तिथे सगळे गाव उठवून उत्खनन करणे शक्य नाही आणि न्याय्यही नाही. शक्य आहे ते एवढेच: घरकुलाचा किंवा शौचालयाचा खड्डा खणला जाताना, तो बुजण्याआधी, विद्यापीठातल्या पुरातत्त्वाच्या विद्यार्थ्याने एक दिवस येऊन त्याच्या कापाचा फोटो घ्यावा, थर मोजावेत, खापऱ्या पिशवीत भराव्यात आणि जागा नकाशावर टिपावी. घरमालकाचे काम थांबत नाही आणि त्याची जमीनही जात नाही. इंग्लंडमध्ये नवी इमारत बांधताना पुरातत्त्वज्ञाने खड्ड्यावर नजर ठेवावी, अशी अट बांधकाम परवानगीतच घालतात. पवनारला परवानगी देते ग्रामपंचायत, आणि पाया कधी खणला जाणार हे तिला आधीच ठाऊक असते.

आज या खड्ड्यांना लागू होणारा हाताशी असलेला कायदा म्हणजे १८७८ चा गुप्तधन कायदा. त्यानुसार जमिनीत दहा रुपयांपेक्षा जास्त किमतीचा ठेवा सापडला तर जिल्हाधिकाऱ्यांना लेखी कळवावे लागते; मूळ मालक निघाला नाही तर तीन चतुर्थांश सापडवणाऱ्याचा, एक चतुर्थांश जमीनमालकाचा. वाकाटकांच्या दानपत्रात तर इनाम गाव देताना त्याच्या पोटातले निधी-उपनिधीही देऊन टाकलेले असत. दोन्ही कायदे खजिन्याचा विचार करतात. पवनारच्या खड्ड्यात उद्या सोन्याचे नाणे लागले तर ते वर्ध्याच्या कलेक्टर कचेरीत पोहोचण्याची वाट ठरलेली आहे. पाचव्या शतकातली वीट लागली तर ती संध्याकाळपर्यंत गोठ्याच्या भिंतीत असेल, आणि कायद्याच्या लेखी त्यात काहीच घडलेले नसेल.